गेम घरातच आहे

आमच्या घरमालकांना बेल वाजवणं पटत नसे. त्यांच्या स्वतःच्या दाराला दोन सुरांची चांगली बेल होती, शेजारीपाजारीही होत्या, पण काका कुठेही गेले की मधल्या बोटाच्या पेराने दारावर दोनदा टकटक करायचे आणि लगेच एक पाऊल मागे सरून दाराच्या जरा बाजूला उभे राहायचे. स्वतःच्या घरात शिरतानाही तसंच. न्हाणीघराच्या दारावरही तसंच, आत कुणी नाही हे दिसत असताना. एकदा तर फ्रिज उघडण्यापूर्वी त्यांनी टकटक केलेली मी पाहिली आहे, पण त्या दिवशी त्यांना ताप होता, म्हणून ते मी धरत नाही.

काका पोस्टमन होते. सगळी नोकरी त्यांनी भांडुपच्या डोंगरावरच्या वस्तीत टपाल वाटण्यात घालवली. तिथे तेव्हा बहुतेक घरांना बेल नव्हती, काही घरांना दारही नव्हतं, नुसता पडदा. अशा ठिकाणी ते चौकटीवर टकटक करत. मागे सरायचं कशासाठी, असं मी एकदा विचारलं.

"दार उघडणाऱ्याला आधी माणूस दिसला पाहिजे, मग पत्र," ते म्हणाले. "एकदम तोंडासमोर पत्र धरलं की माणूस घाबरतो गो. त्याला वाटतं, गावाकडे कोणतरी गेलं."

मी सोलापूरहून नोकरीसाठी मुंबईत आले आणि मुलुंड पूर्वेला त्यांच्या घराच्या मागच्या खोलीत दोन वर्षं पेइंग गेस्ट म्हणून राहिले. घरात माणसं तीनच, काका, काकू आणि मी. माझी कंपनी सॉफ्टवेअर बनवायची, पण मी ते बनवत नव्हते. लोकांच्या रजा, हजेरी आणि वाढदिवसाचे केक हे माझं खातं. पहिल्याच दिवशी हे मी काकांना नीट समजावून सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि संध्याकाळपर्यंत अख्ख्या बिल्डिंगला कळवलं, की आपल्याकडे कंप्युटरवाली बाई राहायला आली आहे. त्यानंतर दोन वर्षांत मी बिल्डिंगमधले तीन प्रिंटर, अनेक वायफाय आणि एक मिक्सर यांच्याशी झटापट केली. त्यातला मिक्सर दुरुस्त झाला.

काकांच्या जगात माणसाचं नाव दुय्यम, पत्ता मुख्य. बिल्डिंगमधल्या कुणालाही ते नावाने ओळखत नसत. "दोनशे चारला नातू झाला," "एकशे दोनचं गुडघ्याचं ऑपरेशन आहे," अशा बातम्या ते घेऊन येत. मी अर्थातच 'मागची खोली' होते. "मागच्या खोलीला सांग, पोहे झाले," असं ते काकूंना माझ्या समोरच म्हणायचे, आणि काकू लगेच मला सांगायच्या, पोहे झाले.

टपाल बीटच्या क्रमाने लावायचं असतं, म्हणजे चालताना ज्या क्रमाने घरं लागतात त्या क्रमाने. निवृत्त झाल्यावर हाताशी टपाल उरलं नाही, तेव्हा काकांनी स्वयंपाकघरातल्या डब्यांना हात घातला. तीन दिवस वही घेऊन ते काकूंच्या मागे उभे राहिले. आधी मोहरी, मग हिंग, मग हळद, सगळं टिपून घेतलं, आणि चौथ्या दिवशी डबे फळीवर तंतोतंत त्या क्रमाने लावले. क्रम अचूक होता, फक्त तो आमटीचा होता. माशाचं कालवण करायला घेतलं की काकू स्वतःच्या स्वयंपाकघरात वाट चुकायच्या.

"ह्येंका घरात बसान काय करूचा ता कळना नाय," त्या मला म्हणायच्या. काकू चाळीस वर्षं मुंबईत राहिल्या, पण त्यांची मालवणी गावाहून निघाली तशीच होती.

काकांना एका वाक्याचा मात्र मनापासून राग होता. ते वाक्य म्हणजे 'सापडत नाही.' माझी किल्ली सापडत नाही, असं मी म्हटलं की ते वर्तमानपत्र खाली ठेवायचे.

"सापडत नाही म्हणजे काय? अजून शोधली नाही असं बोल ना. सापडत नाही हा शेरा आहे. शेरा मारायला अर्धा मिनिट लागतो."

मग ते स्वतः उठून शोधायचे आणि बहुधा सापडायची. हे फार चीड आणणारं असे.

त्यांच्या आवडत्या गोष्टींपैकी एक अशी, की एकदा एक पत्र आलं, त्यावर बाईचं नाव आणि खाली फक्त 'लंगड्या कुत्र्याच्या समोर, भांडुप.' दुसऱ्या कुणी ते परत पाठवलं असतं. काकांनी डोंगर पालथा घातला तेव्हा लंगडी कुत्री तीन निघाली. तिन्हींच्या समोर त्या नावाची बाई नव्हती. दोन दिवस त्यांना जेवण गोड लागलं नाही. तिसऱ्या दिवशी लक्षात आलं की आपण जातो सकाळी, आणि कुत्री दुपारी सावली बघून जागा बदलतात. दुपारी गेले तर तिसरं कुत्रं बरोबर त्या बाईच्या दारासमोर झोपलेलं. पत्र लिहिणाऱ्याने ते घर दुपारी पाहिलं असणार, हे आपल्याला आधी कसं सुचलं नाही, याची हळहळ त्यांना इतक्या वर्षांनीही वाटायची.

अपुरा पत्ता लिहिणाऱ्याला ते माफ करत. वाईट अक्षरालाही माफ करत. माफी नव्हती ती न कळवता घर बदलणाऱ्याला. अशा माणसाबद्दल बोलताना त्यांचा आवाज चढायचा. "अरे, तू गेलास मजेत. मागून येणाऱ्या पत्रानं काय करायचं? दारात बसून रडायचं?" मी असतानाच तिसऱ्या मजल्यावरचं एक कुटुंब बदलापूरला राहायला गेलं. सामानाचा टेम्पो निघाला, तेव्हा काका बनियनवर खाली धावले आणि टेम्पोच्या समोर उभे राहिले. नवीन पत्ता पिनकोडसह एका पुठ्ठ्यावर लिहून घेतल्याशिवाय ते हलले नाहीत. तो पुठ्ठा जिन्याखाली वर्षभर टांगलेला होता. त्या कुटुंबाला एकही पत्र आलं नाही, कारण हल्ली कुणालाच येत नाही, पण काकांनी पुठ्ठ्यावरची धूळ दर आठवड्याला पुसली.

या माणसाच्या घरात कंप्युटर आला तो भाच्यामुळे. भाचा बंगळुरूला गेला आणि जाताना आपला जुना कंप्युटर काकांकडे ठेवून गेला. त्यात बस चालवायचा एक गेम होता. खुर्चीवर बसायचं, समोर काच, काचेतून रस्ता, आणि बाणांची बटणं दाबत बस न्यायची. काकांनी आयुष्यभर पायी बीट मारली होती. त्यांना हे बसणं अतिशय आवडलं.

गेम खेळण्याची त्यांची रीत पाहिली असती तर गेम बनवणाऱ्यांनी डोक्याला हात लावला असता. काका कधी चाळीसच्या वर वेग नेत नसत. प्रत्येक थांब्यावर बस थांबवत, उतरणारं कुणी नसलं तरी. "चला, सावकाश. गुडघे सांभाळा," असं पडद्याला म्हणत आणि मनात पाच मोजून पुढे निघत. आणि त्यांच्या डाव्या हाताला निळ्या प्लास्टिकच्या खुर्चीवर, मांडीवर पर्स घेऊन, काकू बसलेल्या असत. बस म्हटलं की प्रवास, आणि प्रवास म्हटलं की पर्स. घाटाचा रस्ता लागला की त्या तोंडात आवळासुपारी धरायच्या.

"अवो, वळणार सावकाश घेवा. माका उलटी येतली."

एकदा खरंच त्यांना मळमळलं. काकांनी बस बाजूला घेतली, हॅन्डब्रेक लावला आणि मग पाणी आणायला उठले.

हे सगळं हसण्यासारखं होतं आणि मी हसतही असे. पण काकूंनी त्या खुर्चीत बसायला एक कारण होतं, ते मला हळूहळू कळलं. त्यांच्या हृदयाचं दुखणं निघालं होतं आणि डॉक्टरांनी लांबचा प्रवास बंद केला होता. त्यांचं माहेर कणकवलीच्या पुढे, हमरस्त्याला लागून. चार वर्षं त्या तिकडे गेल्या नव्हत्या. मधल्या काळात रस्ता चौपदरी झाला आणि माहेरच्या घराचा पुढचा भाग त्यात गेला, असं त्यांच्या भावाने फोनवर सांगितलं.

"गेला म्हणजे किती गेला ता सांग," काकू दर फोनला विचारायच्या. "ओटी गेली? तुळस खंय आसा?"

भाऊ म्हणायचा, तू ये, मग बघ. त्यालाही ठाऊक होतं की ती येऊ शकत नाही. फोटो पाठव म्हटलं की तो आंब्याच्या मोहोराचा पाठवायचा, गायीचा पाठवायचा, एकदा तर नव्या पंपाचा पाठवला. घराचा कधी नाही. काकू ते फोटो बोटांनी मोठे करून गायीच्या मागे काही दिसतं का बघायच्या. मला ते बघवायचं नाही.

मग एका फेब्रुवारीत काकांना इंटरनेटवर काहीतरी सापडलं. त्यांनी माझ्या दारावर दोनदा टकटक केली, मागे सरले आणि मी दार उघडल्यावर म्हणाले, "बाय, हिचं माहेर मिळालं."

कुणा हौशी माणसाने त्या बसच्या गेमसाठी कोकणातला रस्ता बनवला होता. कणकवलीच्या स्टँडपासून पुढे, थेट काकूंच्या गावाच्या पलीकडेपर्यंत. मूळ गेममध्ये नसलेल्या, लोकांनी हौसेने करून जोडलेल्या अशा पुरवणीला मॉड म्हणतात, हे काकांनीच मला सांगितलं. रस्ता, पूल, देऊळ, शाळा, सगळं आहे असं त्या माणसाने लिहिलं होतं. घरांबद्दल काही लिहिलं नव्हतं.

"घर असेल, नसेल," काका हळू आवाजात म्हणाले. "पण दारापर्यंत तर नेतो तिला. शिमग्यात पालखी त्यांच्या दारात येते ना, त्या दिवशी. सांगून टाकलंय मी."

सांगून टाकलं होतं म्हणजे शब्द दिला होता. होळीनंतरच्या रविवारी सकाळी दहाच्या सुमारास गावची पालखी काकूंच्या माहेरी यायची होती. शनिवारी सकाळी काकूंनी हिरवी साडी इस्त्रीला दिली, आणि शनिवारी सकाळीच आमचं अडलं.

असं मॉड हाताने जोडता येत नव्हतं. त्यासाठी मॉड मॅनेजर नावाचा वेगळा प्रोग्राम लागतो. तो आधी कंप्युटरमध्ये कोणकोणते गेम आहेत ते शोधून काढतो आणि मग ज्याची पुरवणी त्याला नेऊन लावतो.

"म्हणजे पोस्टमन," काका खूश होऊन म्हणाले.

त्यांनी तो प्रोग्राम घेतला, सुरू केला. गोल गोल काहीतरी फिरलं आणि पडद्यावर इंग्रजीत वाक्य आलं, की या कंप्युटरवर एकही गेम सापडला नाही.

काकांनी चष्मा पुसून ते पुन्हा वाचलं. मग जे सुरू झालं ते बिल्डिंगने ऐकलं.

"सापडला नाही? गेम घरातच आहे! काल रात्री पनवेलपर्यंत जाऊन आलो मी!"

त्यांनी बसचा गेम उघडला, त्याची खिडकी मॅनेजरच्या खिडकीशेजारी आणून ठेवली आणि म्हणाले, "हा बघ. दिसला? आता शोध." पुन्हा गोल फिरलं, पुन्हा तेच वाक्य. मग त्यांनी सीपीयूच्या डब्यावर दोनदा टकटक केली आणि खुर्ची एक पाऊल मागे सरकवली. तिसऱ्यांदाही तेच.

"शेरा मारतोय," ते म्हणाले. "बीटवर जातच नाही हा. ऑफिसात बसून शेरा मारतोय."

मला हाक आलीच. माझ्या ऑफिसातली कंप्युटरची माणसं जे करतात ते मी केलं, म्हणजे बंद करून चालू केलं. मग मॅनेजर काढून टाकून पुन्हा घातला. मग अँटीव्हायरस थोडा वेळ झोपवला. मग 'अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा' असं एक होतं, ते केलं.

"हा कोण?" काकांनी विचारलं.

"म्हणजे मोठ्या साहेबांच्या अधिकाराने चालवायचं."

"मग झालंच. साहेब कधी बीटवर आलाय?"

साहेबांनाही काही सापडलं नाही. दुपारी काकांनी मॅनेजर बनवणाऱ्यांच्या फोरमवर इंग्रजीत तक्रार लिहिली. 'रिस्पेक्टेड सर'पासून सुरुवात, नम्र विनंती, खाली सही म्हणून पूर्ण नाव, फ्लॅट नंबर, मुलुंड पूर्व आणि पिनकोड. मी म्हटलं पत्ता काढा, तो सगळ्या जगाला दिसेल. ते म्हणाले, "मग उत्तर कुठे देणार?" शेवटी मी फ्लॅट नंबर गुपचूप खोडला. काकू मधूनमधून दारात येऊन बघून जायच्या. संध्याकाळी इस्त्रीची साडी आली, ती त्यांनी कपाटात न ठेवता खुर्चीच्या पाठीवर टाकली. ती साडी बघून काका माझ्याशीही बोलेनासे झाले.

रविवारी सकाळी साडेआठला फोरमवर उत्तर आलेलं होतं. जगाच्या कुठल्यातरी टोकावरच्या माणसाने एकच ओळ लिहिली होती, लॉग बघा.

"लॉग म्हणजे हा कुठेकुठे जाऊन आला त्याची नोंद," मी शोधून सांगितलं.

"नोंद ठेवतो?" काका जरा नरमले. "मग अगदीच वाया गेलेला नाही."

आम्ही ती नोंद उघडली. मला त्यातलं फारसं कळत नव्हतं, पण एक ओळ कळली. कंप्युटरच्या रजिस्टरमध्ये बसच्या गेमचा पत्ता लिहिलेला होता. मॅनेजर त्या पत्त्यावर गेला होता. एकदा नाही, आम्ही सांगितलं तितक्या सगळ्या वेळा गेला होता. दर वेळी नोंद एकच, की या जागी असं कुठलंच फोल्डर नाही.

"काका, हा जाऊन आलाय हो. पत्त्यावर गेला, तिथे कुणी नाही."

"मग गेम कुठे आहे?" काका म्हणाले, आणि लगेच स्वतःच म्हणाले, "हा काय, इथे आहे ना."

त्यांनी मोठ्या अभिमानाने कंप्युटर उघडून दाखवला. आत 'बिल्डिंग' नावाचं फोल्डर होतं. त्यात तळमजला, पहिला मजला, दुसरा मजला. तळमजल्यावर आरत्या, पहिल्यावर फोटो आणि विजेची बिलं. दुसऱ्या मजल्यावर खोली क्रमांक दोनशे तीन, आणि तिच्यात बसचा गेम, त्याच्या शेकडो फायलींसकट. फोल्डरचं इंग्रजी नाव काढून 'बस' असं मराठी नाव दिलेलं.

"हे कधी केलंत?"

"दिवाळीत. साफसफाई काढली होती ना. कुठल्याकुठे पडलं होतं सगळं. उचललं आणि नीट लावलं."

"आणि रजिस्टरमध्ये?"

"काय रजिस्टरमध्ये?"

"नवीन पत्ता कळवला होता?"

हे मी टोमणा म्हणून विचारलं नव्हतं, शपथेवर सांगते. तोंडातून निघून गेल्यावर मला कळलं की मी काय विचारलं. काकांचा हात माऊसवर होता तो तिथेच राहिला. त्यांनी चष्मा काढला, बनियनच्या टोकाने पुसला, घातला, पुन्हा काढला. बदलापूरवाल्यांच्या टेम्पोसमोर उभा राहणारा तो माणूस इतका लहान होऊन बसलेला मी कधी पाहिला नव्हता.

"मी," ते म्हणाले. "न कळवता."

मला हसू फुटत होतं आणि मी ते गिळलं. याचं श्रेय मी आजही घेते. काका पडद्याकडे वळले आणि मॅनेजरला म्हणाले, "चूक आमची होती. तुम्ही जात होतात." एवढं बोलून त्यांनी त्याचं ते वाक्य बंद केलं, आणि ताठ बसले. "चला बाय. किती वाजले?"

नऊला दहा कमी होते. आम्ही गेम उचलून त्याच्या मूळ पत्त्यावर, मूळ इंग्रजी नावाने परत नेऊन ठेवला. जुना कंप्युटर, त्याला तेवढ्यालाच अर्धा तास लागला. तोवर काकांनी दोनशे तीन नंबरच्या रिकाम्या खोलीत एक चिठ्ठी टाइप करून ठेवली. 'येथील बसचा गेम मूळ पत्त्यावर परत गेला आहे. कळावे.' खाली तारीख आणि स्वतःचं नाव.

"हे कोण वाचणार आहे काका?"

"कोणी वाचो, न वाचो. मागून येणाऱ्याची अडचण करायची नाही."

मग त्यांनी शोधायचं बटण दाबलं. गोल फिरलं, आणि बसच्या गेमचं नाव त्याच्या छोट्या चित्रासकट पडद्यावर आलं. काका उभे राहिले. कुणीतरी दार उघडल्यावर राहायचे तसे, जरा बाजूला. मी मॉड जोडलं आणि काकूंना हाक मारली. त्या हिरवी साडी नेसून तयारच होत्या, केसांत अबोलीचा वळेसर. मी मागे कॉटवर बसले, दुसरी प्रवासी म्हणून.

कणकवलीच्या स्टँडवरून बस निघाली आणि पहिल्या किलोमीटरमध्येच काकू पुढे वाकल्या.

"ह्यां काय? हंय फणस होतो."

काकांनी बस थांबवली. वही काढली, पेन्सिल काढली. "पुलाच्या अलीकडे की पलीकडे?"

"अलीकडे. दोन होते. एक कापो, एक बरको."

काकांनी लिहून घेतलं. हे मॉड बनवणाऱ्याला कळवायचं, असं त्यांनी तिथेच ठरवलं. शाळेचा पत्रा लाल, त्याने निळा दाखवला. थांब्यावर बसायला दगडी कट्टा होता, तो नाही. विहिरीला रहाट नाही. देवळाच्या दीपमाळेला त्याने चुना लावला नाही. प्रत्येक चुकीला बस थांबायची, मागच्या गाड्या हॉर्न वाजवायच्या, आणि काका मान न वळवता म्हणायचे, "थांबा रे, काम चाललंय." काकूंचा चेहरा उजळला होता. दोन वर्षांत मी त्यांना इतकं बोलताना ऐकलं नव्हतं. एकतीस दुरुस्त्या झाल्या.

"आता देऊळ मागे पडला की उतार," त्या म्हणाल्या. "उतार सपलो की डाव्या हाताक आमचा घर."

बस उतारावरून खाली आली. काकांनी वेग कमी केला, आणखी कमी केला. उतार संपला. डाव्या हाताला रुंद रस्त्याची कड होती, सिमेंटची गटार होती, आणि तिच्यापलीकडे गवत. अर्धंसुद्धा घर नव्हतं. ओटी नव्हती, माजघर नव्हतं, काहीच नव्हतं. गवत वाऱ्याने हलत होतं, ते त्या माणसाने फार सुंदर केलं होतं.

काकांनी बस थांबवली. पेन्सिल वहीवर टेकवली.

"बत्तीस," ते म्हणाले.

काकू गवताकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "लिवू नकात ता."

"अगो, विसरला असेल तो. फणस विसरला तसं."

"तो नाय विसरलो. घर नायच हा आता थंय. तेणा बरोबर दाखवल्यान."

मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही, कारण माझ्याकडे कुणी बघत नव्हतं. काकांनी एक बटण दाबलं. बसचं दार उघडलं. कुणी उतरणार नव्हतं, कुणी चढणार नव्हतं, आणि या वेळी त्यांनी पाच मोजून बस पुढे काढली नाही.

तेवढ्यात काकूंचा फोन वाजला. भावाचा होता. मागे ढोल एवढे जोरात वाजत होते, की त्याचं बोलणं आम्हा तिघांनाही ओरडून ऐकवल्यासारखं ऐकू येत होतं. पालखी इली, तो सांगत होता.

"खंय टेकवल्यास?" काकूंनी विचारलं.

तो घुटमळला. मग म्हणाला, मागे. मागे दोन खोल्यो बांधल्यासत, त्यांच्या दारात.

"बरा केलंस," काकू म्हणाल्या. "माझा नारळ दी." मग फोन ठेवून त्यांनी डोळे पुसले, घावणे करायचे आहेत म्हणाल्या आणि आत गेल्या.

पुढच्या रविवारी दुपारी काकांनी मला दुरुस्त्यांचं पत्र टाइप करायला बसवलं. मॉड बनवणाऱ्याला पाठवायचं होतं. ते वहीतून सांगत होते, मी लिहीत होते. फणस, पत्रा, कट्टा, रहाट. एकतीस झाल्यावर मी हात थांबवले. काका खुर्ची माझ्याजवळ ओढून घेऊन कुजबुजले, "आता बत्तीस लिही. हळू."

"काकूंनी लिहू नका म्हटलंय."

"ते मला म्हटलंय. तुला नाही."

मी त्यांच्याकडे बघितलं. ते पडद्याकडे बघत होते. मग ते सांगू लागले, पत्ता सांगावा तसं, एकेक तपशील सुटा करून. देवळापासून उताराच्या शेवटी, डाव्या हाताला, कौलारू घर. सध्या अस्तित्वात नाही, तरी कृपया बांधावे. तोंड रस्त्याकडे. दार निळं, वरची कडी पितळी. तुळस उजव्या अंगाला. खळ्यातून ओटीवर चढायला पायऱ्या चार.

स्वयंपाकघरात काकू खोबरं खवत होत्या, तो आवाज थांबला.

"तीन," आतून त्या म्हणाल्या. "पायऱ्यो तीन होत्यो."

मी चार खोडलं आणि तीन लिहिलं.